पोटातला चुना

मित्रांनो, मी एक जुनं लाकडी पिंप. पूर्ण नव्हे, अर्धंच. आता तर तेवढाही उरलो नाही. थकलेल्या जिवाला भराभर बोलवत नाही, तेव्हा जरा सबुरीने ऐका.

माझा जन्म मोंतिया गावातला. तिथल्या एका कारागिराने ओकच्या फळ्या विस्तवावर शेकल्या, पाणी मारत वाकवल्या आणि लोखंडी पट्ट्यांत आवळल्या. पुढची चाळीस वर्षं मी एका तळघराच्या गार अंधारात वाइन सांभाळली. मग माझी एक फळी झिरपू लागली. झिरपणारं पिंप कोण ठेवतं? मला मधोमध कापलं. एक अर्धं कुठे गेलं, मला ठाऊक नाही. दुसरं, म्हणजे मी, अन्सेल्मो नावाच्या सुताराबरोबर कोर्दोबा शहरात त्याच्या घरी आलो.

त्याच्या अंगणात सगळी दगडी फरशी, फरशीखाली पावसाच्या पाण्याचं टाकं. माती औषधालाही नव्हती. आणि त्याच्या बायकोला, फुएनसांताला, विस्टेरियाची वेल हवी होती, जांभळ्या घोसांची. अन्सेल्मोने माझ्या तळाला भोकं पाडली, खडे अंथरले, माती भरली आणि बोटाएवढ्या जाडीची वेल लावली.

इथला उन्हाळा म्हणजे भट्टी. जमिनीतल्या झाडाची मुळं खोल जाऊन गारवा शोधतात. पिंपातल्या मुळांनी जावं कुठे? अन्सेल्मो सकाळी आणि सूर्य कलल्यावर पाणी घाली, माझ्याभोवती ओलं गोणपाट गुंडाळी. हिवाळ्यात कोंब फुटायचे दोन-तीन डोळे राखून फांद्या छाटी. आठ वर्षं एक फूल आलं नाही.

अन्सेल्मोची बहीण सालूद शेजारीच राहायची. रोज येऊन विचारायची, "वहिनी, ही वेल आहे की कपडे वाळत घालायची दोरी?"

"दोरी असती तर आधी तुमची जीभ बांधली असती, वन्सं!"

नवव्या वर्षी एप्रिलमध्ये घोस लोंबले. इतके, की वाटेवरचे लोक दारातून डोकावू लागले. सालूद सगळ्यांना सांगू लागली, "आमची वेल आहे." मला कुणी पाहत नव्हतं, पण त्याचं काही नाही. पाया कोण पाहतो?

बरीच वर्षं अशी गेली. मग एका हिवाळ्यात अन्सेल्मो गेला.

आमच्याकडे मे महिन्यात अंगणांची स्पर्धा असते. त्याआधी घरोघर भिंतींना चुना लावतात. बायका म्हणतात, चुना लावला की कीड मरते, रोग पळतो, घर निरोगी राहतं. फुएनसांता एकटी पडल्यावर वेलीची फार काळजी करू लागली. त्या वर्षी भिंती झाल्यावर तिने मलाही बाहेरून सफेदी केली, आणि बादलीच्या तळाशी उरलेलं चुन्याचं पाणी माझ्या पोटात ओतलं. "घे गं बाई, तुलाही कीड नको." वर दोन ओंजळी खत पसरलं. पुढच्या वर्षीही तेच. त्याच्या पुढच्या वर्षीही.

मित्रांनो, विस्टेरियाच्या मुळांना चुना सोसत नाही. पानं पिवळी पडू लागली. शिरा तेवढ्या हिरव्या. घोस कमी होत होत बंद झाले. मला सगळं कळत होतं. मुळं माझ्या फळ्यांना धडकत होती, पण मला बोलता कुठे येतं?

फुएनसांताने आपल्या मनाने अर्थ लावला. "तिला त्याची आठवण येते," ती म्हणायची. "तो गेला, आता हीही जाणार." हे बोलताना ती मायेने अजून थोडा चुना ओतायची.

गेल्या मे महिन्यात परीक्षक आले, पिवळ्या वेलीकडे बघून पुढे गेले. जानेवारीत सालूद करवत घेऊन हजर झाली.

"वहिनी, पुरे झालं. हिला काढू या, जिरेनियमच्या कुंड्या ठेवू या."

"त्याने लावली आहे, वन्सं."

"माझाच भाऊ होता तो. त्याच्या वेलीला असं कुढत मरताना मला तरी बघवतं का?"

फुएनसांताने वेलीच्या खोडावरून हात फिरवला. मग म्हणाली, "काढा. मी आत जाते."

ती गेली नाही. तिथेच उभी राहिली.

सालूदने हातोड्याने माझी गंजलेली पट्टी ठोकली. दुसरी आपोआपच सुटली. माझ्या फळ्या एकेक करून फरशीवर पडल्या आणि मातीचा गोळा उघडा झाला. वरच्या भागात काळा थर, पांढरा थर, काळा थर, पांढरा थर. सहा पांढरे.

"हे काय, वहिनी?" सालूदने नखाने खरवडलं. "हा तर चुना!"

फुएनसांता खाली बसली. थरांवरून बोट फिरवत राहिली. "तिला त्याची आठवण वगैरे काही नव्हतं," ती हळूच म्हणाली. "मीच पाजला."

मला वाटलं, आता सालूद टोमणा मारणार. तिने करवत भिंतीला टेकवली. "रडत बसू नका. टाक्याचं पाणी काढा आधी. खालची मुळं अजून जिवंत आहेत."

दोघींनी दुपारभर मुळं धुतली, कुजलेली कापली. वेल एका मोठ्या कुंडीत नव्या मातीत लागली. माझ्या फळ्या कुंडीच्या पश्चिमेला ओळीने उभ्या केल्या, मुळांना ऊन लागू नये म्हणून. आता मी काही धरून ठेवत नाही. नुसती सावली करतो. थकल्या अंगाला तेवढं जमतं.

मार्चअखेर फांदीवर कोंब आला, तांबूस आणि मग हिरवा. यंदा फुलं नाहीत. पुढच्या वर्षीही कदाचित नसतील. एप्रिलमध्ये भिंती रंगवून झाल्या तेव्हा सालूद बादली उचलून दारातच उभी राहिली. "वहिनी, तळाचं पाणी गटारात. माझ्या डोळ्यांदेखत!"

मित्रांनो, तुमच्या घरी कुंडी असेल तर तिला रोज काहीतरी देण्याची घाई करू नका. आधी मातीत बोट घाला, पानाचा रंग बघा, एखाद्या जाणत्या माणसाला विचारा. कुंडीतल्या झाडाला पळून जायला जागा नसते. तुम्ही जे ओताल, तेच त्याला प्यावं लागतं.