ओठांतली अंगठी

सात वर्षं दर शनिवारी हर्मन प्लॉट्किन टीव्हीवर घसरून पडत आला होता. तो बावळट प्लंबर व्हायचा, पाइप फुटायचा आणि अख्खी अमेरिका पोट धरून हसायची. मग एकोणीसशे सत्तावन साली कार्यक्रम बंद पडला आणि वर्षभर कुणी विचारलं नाही.

"तुझा चेहरा दिसला की लोक पाइप फुटायची वाट बघतात," त्याचा एजंट म्हणायचा. "कोण देणार काम?"

शेवटी न्यूयॉर्कमध्येच रविवार दुपारच्या एका नाटकात काम मिळालं. थेट प्रक्षेपण होतं आणि भूमिका होती बायकोला मारणाऱ्या शिंप्याची. तालमीत तो नुसता हात उगारायचा आणि कॅमेरा दुसरीकडे वळायचा. त्या दुपारी मात्र हात उगारण्याआधी त्याने सावकाश बोटातली अंगठी काढली, ओठांत धरली आणि मग पुढे सरकला. बायको झालेली लॉरेन आपलं वाक्यच विसरली. कॅमेरावाला वळायचं विसरला.

"अंगठीचं कुठून सुचलं रे?" नाटक संपल्यावर दिग्दर्शकाने विचारलं.

"कुणास ठाऊक. हात आपोआप गेला."

तो रंग पुसत बसला होता, तेवढ्यात ब्रुकलिनहून थोरल्या बहिणीचा, गसीचा फोन आला.

"हर्शी, तुला कुणी सांगितलं? आईने?"

"काय सांगितलं?"



"पपा तसंच करायचे," ती म्हणाली. "आईच्या अंगावर अंगठीची खूण राहू नये म्हणून. ओठांत अंगठी, त्यामुळे तोंडातून शब्द नाही. शेजारी म्हणायचे, किती शांत माणूस."

हर्मनच्या हातातला कापूस तसाच राहिला. वडील फ्लूच्या साथीत गेले तेव्हा तो तीन वर्षांचा होता. त्याला माहीत असलेले पपा म्हणजे गल्लीतल्या पोरांना फुकट पाव वाटणारे बेकर. 'विनोद मला वडिलांकडून मिळाला,' असं तो मुलाखतींत सांगत आला होता.

"मी कुठे असायचो?"

"टेबलाखाली. मीच ढकलायचे तुला."

आरशात शिंप्याची मिशी अजून त्याच्या ओठावर होती. ती उपटताना कातडी सोलवटली, तेही त्याला कळलं नाही.

तो तडक आईकडे गेला. म्हातारी बटाटे सोलत होती. टीव्ही बंद होता.

"आई, नाटक पाहिलंस?"

"अर्धं पाहिलं."

"गसी म्हणते ते खरं आहे?"

तिने सुरी खाली ठेवली. त्याचा उजवा हात ओढून घेतला आणि तळवा उलटसुलट करून पाहिला.

"बायकोवर कधी उचललास?"

"नाही. कधीच नाही."

"मग बस. सूप गरम करते."

यापलीकडे ती त्या दिवशी काही बोलली नाही आणि पुढेही कधी बोलली नाही.

सोमवारी एजंटचा आवाज आनंदाने फाटला होता. एका खुन्याची भूमिका आली होती आणि एका तुरुंगाधिकाऱ्याची. हर्मनने दोन्ही घेतल्या. पुढची वीस वर्षं तो निर्दयी माणसं रंगवत राहिला आणि त्यातच त्याचं नाव झालं. पण प्रत्येक करारात तो एक अट घालायचा: बाईवर हात उगारण्याचा प्रसंग करणार नाही. एकदा एका नव्या निर्मात्याला ती जुन्या विदूषकाची थट्टा वाटली आणि तो मोठ्याने हसला. हर्मन त्याचं हसू संपेपर्यंत थांबला, आणि मग त्या अटीखाली सही करायला त्याने पेन मागितलं.