चाल त्याच्यासारखी

खालच्या कोर्टानं फाशी सुनावली तरी वरच्या कोर्टाची मोहोर उमटल्याशिवाय कुणाला फासावर चढवता येत नाही. वरचं कोर्ट पहिल्यापासून सगळा खटला पुन्हा तपासतं, आणि त्यासाठी साक्षीदार आपल्या बोलीत जे बोलले ते कोर्टाच्या भाषेत आणावं लागतं. हे काम भाषांतर विभागातल्या सहा जणांचं. त्यांतल्या सर्वांत जुन्या बाईंना सगळे नुसतं ‘बाई’ म्हणत.

त्या सोमवारी बाईंकडे किरकोळ काम आलं होतं. सिलिंडरवाल्याच्या फाशीची सुनावणी दहा दिवसांवर होती आणि न्यायमूर्तींच्या प्रतीत काही पानं पुसट निघाली होती. ती मूळ साक्षीशी ताडून पुन्हा टाइप करायची, एवढंच.

खटला सगळ्यांना ठाऊक होता. एक निवृत्त मास्तर आणि त्यांची बायको भर दुपारी राहत्या घरात मारले गेले होते. घरोघर गॅस पोचवणारा माणूस पकडला गेला. त्याच्या खोलीत मास्तरीणबाईंची बांगडी सापडली. जिन्यात पडलेली दिसली, लोभ सुटला, असं तो शेवटपर्यंत म्हणत राहिला. पण समोरच्या घरातल्या शिंपिणीनं त्याला जिना उतरताना पाहिल्याची साक्ष होती, आणि तिथं त्याचं म्हणणं संपलं.

पान दोनशे बारावर शिंपिणीची साक्ष होती. मूळ कागदावर तिचे शब्द होते, ‘माणूस पाठमोरा होता. चाल त्याच्यासारखी वाटली.’ भाषांतरात होतं, ‘मी त्याला चालीवरून ओळखलं.’

बाईंनी दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवले. कुणा गाढवानं हे केलं म्हणून खालची सही पाहिली. सही त्यांचीच होती.

तारीख दोन वर्षांपूर्वीची होती. तेव्हा त्यांची आई दवाखान्यात शेवटचे दिवस मोजत होती. बाई जेवणाच्या सुट्टीत धावत तिकडे जात आणि परत येऊन राहिलेली पानं कशीबशी उपसत. हे पान त्याच दिवसांतलं.

विभागप्रमुखांनी दोन्ही कागद वाचले आणि दार लोटून घेतलं.

“बाई, हात दाखवून अवलक्षण कशाला? बांगडी तर सापडलीच आहे.”

“बांगडीवरून तो चोर ठरतो, साहेब.”

“पुढचं ठरवायला न्यायमूर्ती बसलेत की.”

“म्हणूनच म्हणते, त्यांच्यापुढं खरं पान जाऊ दे.”

“निवृत्तीला किती राहिलं तुमच्या?”

“चौदा महिने.”

“मग चौदा महिने गप्प बसायला तुमचं काय जातं?”

बाईंनी दोन्ही कागद उचलले. त्या जागेवर येऊन बसल्या. दुपारभर त्यांच्या हातून एक ओळ टाइप झाली नाही.

संध्याकाळी त्यांनी नवऱ्याला सांगितलं. तो बस दुरुस्तीच्या कारखान्यात मिस्त्री होता. हातांवरचं काळं साबणानं घासत त्यानं सगळं ऐकून घेतलं.

“आणि खून त्यानंच केलेला निघाला तर?”

“निघेलही.”

त्यानं नळ बंद केला. “लेखी दे,” मग म्हणाला. “तोंडी बोललेलं लोक आपापल्या सोयीनं आठवतात.”

बाईंनी न्यायमूर्तींच्या नावे अर्ज लिहिला. सुनावणीच्या दिवशी दोन न्यायमूर्तींनी त्यांना समोर उभं केलं. त्यांतल्या वयस्करांनी विचारलं, “फरक मोठा आहे?”

“आहे, महाराज. तिला नुसतं वाटलं होतं. तिची खात्री होती असं मी लिहिलं.”

सरकारी वकिलांनी चष्मा काढला. “आरोपीची दया आली का तुम्हाला?”

“मी त्यांना अजून पाहिलेलंही नाही.”

पाहिलं ते तीन आठवड्यांनी, निकालाच्या दिवशी. भिंतीवरच्या पडद्यावर तुरुंगातली खोली दिसत होती आणि तिच्यात एक वाळलेला माणूस कान पुढं करून बसला होता. निकाल कोर्टाच्या भाषेत वाचला गेला. शंका फाशी अडवण्याइतकी होती, सोडून देण्याइतकी नव्हती. मग न्यायमूर्तींची नजर बाईंवर गेली. “त्याच्या भाषेत सांगा त्याला.”

बाई माइकपाशी गेल्या. “तुमची फाशी रद्द झाली,” त्या म्हणाल्या. “जन्मठेप दिली आहे.”

“म्हणजे सुटलो?”

“नाही.”

“मग कधी?”

बाईंनी न्यायमूर्तींकडे पाहिलं. ते पुढची फाइल उघडत होते. “जन्मभर,” त्या म्हणाल्या. या खेपेला त्यांनी शब्द नीट तोलून निवडला होता.

“बरं,” तो म्हणाला, आणि पडदा काळा झाला.

बाईंना ठपक्याचं पत्र आलं आणि त्यांची बदली तळमजल्यावर, निकालाच्या नकला देतात त्या खिडकीवर झाली. महिन्याभरात तिथं मास्तरांची मुलगी आली. तिनं अर्ज पुढं सरकवला, बाईंच्या गळ्यातलं ओळखपत्र वाचलं आणि तशीच उभी राहिली.

“अर्ज केला त्या तुम्हीच?”

“हो.”

“आईला मीच आधी पाहिलं. किल्ली माझ्याकडे होती.” तिचा आवाज चढला नाही. “त्यानं मारलं नाही असं वाटतं तुम्हाला?”

“मला माहीत नाही.”

“मग कशाला केलंत?”

“शिंपिणीलाही माहीत नव्हतं. मी तिच्या तोंडी घातलं होतं, ताई. चूक माझी होती.”

“दोन वर्षं मी ते एक वाक्य धरून जगले,” मुलगी म्हणाली. “तिनं पाहिलं, तिनं ओळखलं. रात्री डोळा लागायचा तेवढा त्याच्यावर. आता तो असेल किंवा दुसराच कुणी असेल, आणि तो दुसरा बाजारात माझ्या शेजारी उभा राहून भाजी घेत असेल.”

मागच्या माणसानं घसा खाकरला. बाईंकडे निकालाची एकशे चाळीस पानांची नक्कल तयारच होती. त्यांनी ती खिडकीतून पुढं केली. मुलीनं तिथंच उभ्यानं शिंपिणीची साक्ष दिलेलं पान शोधलं. नवं भाषांतर तिनं बोट फिरवत, ओठ हलवत वाचलं. वाचून झाल्यावर पुन्हा पहिल्यापासून वाचलं.

“वाटली,” ती स्वतःशीच म्हणाली.

तिनं नक्कल पिशवीत घातली आणि बाहेर गेली. बाईंनी मागच्या माणसाचा अर्ज घेतला. तारखेचा शिक्का पुसट उमटला, म्हणून तो पुन्हा मारला.