व्याह्याकडची पावती

एकाहत्तरची लढाई करून हंबीरराव साताऱ्याकडं गावी परतले आणि पिठाची गिरणी टाकायचं खूळ त्यांच्या डोक्यात शिरलं. सांगलीच्या लालासाहेबांच्या कारखान्यातून इंजिन उधार आणलं. गिरणी वर्षभरातच बसली. लालासाहेबांनी दावा लावला, कोर्टानं महिन्याचा हप्ता ठरवून दिला. इथवर सगळी जगरहाटी.

पण दर महिन्याला एसटीनं हप्ता घेऊन येणारा हा सरळ माणूस लालासाहेबांच्या मनात भरला. "पोरगी हाय न्हवं तुमची? आमच्या आप्पासोला द्या," म्हणाले. आणि विजयमाला त्या घरची सून झाली.

घोड्यानं पेंड खाल्ली ती इथं. वकील सांगून थकले, की हप्ता कोर्टात भरा, निदान पावती तरी घ्या. आता व्याह्याकडं पावती कोण मागतो? मागितली असती, तर पोरीला जन्मभर टोमणे खावे लागले असते. हंबीरराव पैसे हातावर ठेवायचे, पोरीनं आणलेला चहा घ्यायचे आणि परतीची गाडी धरायचे. असं करता करता बहुतेक कर्ज फिटलं.

मग लालासाहेब झोपेतच गेले. महिन्याभरात बेलीफ हंबीररावांच्या दारात. आप्पासोनं सगळ्या रकमेसाठी राहतं घर जप्तीला लावलं होतं. बापानं पैसे घेतल्याचं म्हणे त्याला ठाऊकच नव्हतं. एका घरात राहून ठाऊक नव्हतं, घ्या.

हंबीररावांच्या बायकोनं, रंगूबाईंनी, जावयाला शिव्यांची लाखोली वाहिली. हंबीररावांना मात्र राग येईना. परक्याच्या घरचं भांडण ऐकावं तसे ते बायकोचं ऐकत बसले.

"प्रत्येक हप्त्याला तुमची लेक समोर होती ना?" वकील म्हणाले. "तिला साक्षीला उभी करा."

हंबीरराव हो म्हणाले नाहीत, नाही म्हणाले नाहीत.

तारखेला विजयमाला कोर्टात आली होती. तान्हं मांडीवर घेऊन नवऱ्याच्याच बाकावर, पण पार टोकाला बसली होती.

जज्जसाहेबांनी विचारलं, "पैसे दिले म्हणता. देताना कुणी पाहिलं?"

विजयमाला लेकरासकट उठून उभी राहिली. ती खरं बोलली असती, यात शंका नव्हती. पण बोलल्यावर संध्याकाळी कुठल्या दारात गेली असती? हंबीररावांनी तिच्याकडं पाठ केली.

"न्हाई साहेब. कुणी न्हवतं."

"मग सगळी रक्कम तुमच्याकडं निघते."

"निघती. तेवढं हप्तं पाडून द्या."

साहेबांनी हप्ते पाडून दिले. घर वाचलं. आप्पासो कुणाकडं न बघता निघून गेला. हंबीररावांना त्याचंही काही वाटलं नाही. एसटी किती वाजता आहे, एवढंच ते आठवत होते.

बाहेर पायऱ्यांवर विजयमालानं त्यांना गाठलं.

"आबा, मला का बोलू दिलं न्हाई?"

"तुझं घर मोडलं असतं, बाय."

"काल रातीच मी त्यास्नी सांगितलं, की मी खरं तेच बोलणार. त्यांनी सकाळी हाताला धरून भाईर काढलं मला. परत येऊ नगं म्हणाले."

 हंबीरराव तिथंच पायरीवर बसले.