नाडीचं इंजेक्शन

“ॲट्रोपिन. हे ॲट्रोपिन. हेही ॲट्रोपिन.”

डॉ. रोहिणी एकेक इवलीशी काचेची कुपी खिडकीच्या उजेडाकडे धरून मोठ्याने वाचत होत्या आणि प्रत्येक कुपीगणिक धोंडाबाईंच्या कपाळावरची शीर तटतटत होती.

“झाली का पोथी वाचून?” शेवटी त्यांच्याने राहवेना. “परसाद वाटू का आता?”

छाया सिस्टरने मास्कच्या आत हसू दाबलं. डॉ. रोहिणी मात्र शांतच. भूल द्यायला या हॉस्पिटलात येऊ लागून त्यांना जेमतेम दोन महिने झाले होते. “सवय आहे मावशी. औषध माझ्या हातून जाणार, तर डोळ्यांखालून गेलेलं बरं.”

“वीस वर्षं माझ्या डोळ्यांखालून जातंय. कोणी मेलं नाय अजून.”

हे मात्र खरं होतं. सातपूरच्या रस्त्यावरचं डॉ. सोनजे सर्जनांचं हॉस्पिटल बांधून झालं, त्याला खिडक्या बसायच्या होत्या, तेव्हापासून धोंडाबाई तिथे होत्या. आधी झाडू, मग चादरी, मग हत्यारं उकळणं, आणि पुढे भुलेच्या डॉक्टरांच्या डाव्या हाताशी असतो तो औषधांचा ट्रे. त्या ट्रेला सहा घरं होती. पहिल्या घरात ॲट्रोपिन, म्हणजे नाडीचं इंजेक्शन. भुलेत पेशंटची नाडी बसायला लागली की तिला उठवून चालती करणारं. शेवटच्या घरात जागं करायचं इंजेक्शन, भुलेत लुळे करून ठेवलेले स्नायू ऑपरेशन संपल्यावर पुन्हा कामाला लावणारं. मधल्या घरांत बाकीची मंडळी. डॉक्टरांनी न बघता हात टाकावा आणि हवं तेच हाताला लागावं, अशी त्या ट्रेची ख्याती. नवी सिस्टर आली की डॉ. सोनजे सांगायचे, “ट्रे कसा लावायचा ते मावशींकडून शिका.” सिस्टर शिकायच्या. धोंडाबाई शिकवायच्या, आणि शिकवताना दोन-चार टोले हाणायच्या.

एक गोष्ट मात्र वीस वर्षांत कोणाला कळली नव्हती. धोंडाबाईंना त्या कुप्यांवरचं एक अक्षर वाचता येत नव्हतं.

शाळा दुसरीपर्यंत. मराठी पाटी त्या अक्षरं जुळवत, ओठ हलवत वाचायच्या. इंग्रजी म्हणजे नुसत्या मुंग्या. कोणी काही वाचायला पुढे केलं की त्या म्हणायच्या, “चष्मा घरी राहिला,” आणि घरी चष्मा नावाची वस्तूच नव्हती. घरात दोन मुलगे, दोन सुना, सगळ्यांवर त्यांचा हुकूम. पण लाइटबिल आलं, चिठ्ठी आली की नातीला, मनीषाला, समोर बसवायच्या. “वाच मोठ्यानं. बघू शाळेत काय दिवे लावती.” पोरगी वाचायची, आजी मान डोलवायची, वर “दमानं वाच, शब्द खाऊ नको,” असंही सुनवायची.

कुप्या त्या ओळखायच्या रंगावरून, काचेच्या पोटावरून, मानेवरच्या कड्यावरून. नाडीच्या इंजेक्शनला निळं कडं, जागं करायच्याला पांढरं. आणि म्हणूनच ही नवी बाई रोज सकाळी ट्रेपाशी उभी राहून वाचू लागली की त्यांना वाटायचं, कोणीतरी आपल्या घरात शिरून डबे उघडून हुंगतंय.

त्याच दुपारी त्या डॉ. सोनजेंच्या केबिनमध्ये गेल्या.

“सायब, नव्या बाईंचा माझ्यावर भरोसा नाय. रोज झडती घेत्यात. चोर का मी?”

“अहो मावशी, तरुण आहेत, पुस्तकी आहेत.”

“मंग पुस्तक त्यांच्या घरी वाचाया सांगा. नायतर मला चादरी धुवाया पाठवा.”

डॉक्टर हसले. दुसऱ्या दिवशी त्यांनी डॉ. रोहिणींना काय सांगितलं कोण जाणे. पण तेव्हापासून सकाळचं वाचन बंद झालं. ट्रेच्या वहीत छाया सिस्टरची सही तेवढी व्हायची, आणि ती ट्रेकडे न बघताच व्हायची. मावशींनी लावलाय म्हटल्यावर बघायचं काय?

पुढच्या आठवड्यात मंगळवारी अंबूबाईचं ऑपरेशन होतं. मखमलाबादकडची झेंडू-शेवंतीवाली, पन्नाशीची, दणकट. पित्ताशयात खडे. टेबलावर चढतानाही तिचं तोंड चालूच होतं. “खडे काढा अन् मला दाखवा बरं का. शेतात कमी होते म्हणून पोटात पिकवले.”

त्या सकाळी कपाटात औषधांचा नवा माल आला होता. धोंडाबाईंनी दोन खोकी उघडली आणि त्यांचा हात थबकला. खोकी वेगळी. कंपनी बदललेली. एका खोक्यातल्या कुप्यांना निळं कडं होतं, दुसऱ्यातल्यांना पांढरं. पण काचेचं पोट काही ओळखीचं वाटेना. निळ्या कड्याची कुपी किंचित बारीक होती का? त्यांनी ती उजेडाकडे धरली, डॉ. रोहिणी धरायच्या तशीच. मुंग्या.

छाया मागून हातमोजे घेऊन चालली होती. ‘हे कोणतं गं?’ एवढेच तीन शब्द. ते धोंडाबाईंच्या जिभेपर्यंत आले. ज्या जिभेला कधी कोणापुढे अडायची सवय नव्हती, ती तिथे अडली. हिला विचारायचं? हिला मी ट्रे लावायला शिकवला! अन् उद्या ही नव्या बाईला सांगणार, मग दोघी मिळून...

कडं निळं आहे ना? मग झालं. निळं पहिल्या घरात, पांढरं शेवटच्या. त्यांनी वर हिरवं फडकं अंथरलं.

भूल चढली, पोट उघडलं. टेबलाशेजारचं यंत्र टुक-टुक-टुक करत अंबूबाईची नाडी सांगत होतं. डॉ. सोनजेंनी पित्ताशय चिमट्यात धरून वर ओढलं आणि ते टुक-टुक लांबायला लागलं. टुक. टुक. मग पुढचं टुक येतच नाही असं वाटावं इतक्या उशिरानं, टुक.

“सर, ओढू नका. सोडा,” डॉ. रोहिणी म्हणाल्या. “अडतीस झालीय. सिस्टर, ॲट्रोपिन.”

छायाने फडक्याचा कोपरा उचलून पहिल्या घरातली कुपी घेतली, मान मोडली, सिरिंजमध्ये औषध ओढलं आणि सिरिंज पुढे केली. डॉ. रोहिणींनी ती घेतली, सुई सलाइनच्या नळीपाशी नेली आणि थांबल्या.

“ॲम्प्यूल दाखवा.”

“मॅडम, ॲट्रोपिनच आहे, पहिल्या घरातलं.”

“दाखवा.”

भिंतीशी उभ्या धोंडाबाईंचा संताप मस्तकात गेला. तिथे बाईचा जीव चाललाय अन् हिला वाचन सुचतंय! “अहो बाई, द्या की! वीस वर्षं त्याच घरात असतंय ते! द्या म्हणते ना!”

यंत्र म्हणालं, टुक.

डॉ. रोहिणींनी मोडक्या कुपीचं बूड दिव्याखाली धरलं. “निओस्टिग्मिन,” त्या म्हणाल्या. आवाज चढला नाही, पण हातातली सिरिंज त्यांनी अशी भिरकावली की ती फरशीवर घरंगळत धोंडाबाईंच्या पायापाशी आली. मग स्वतःच ट्रेवरचं फडकं ओढून काढलं, शेवटच्या घरातली कुपी उचलली, वाचली, मोडली, भरली, दिली.

निओस्टिग्मिन म्हणजे काय, हे धोंडाबाईंना कोणी समजावायची गरज नव्हती. कुपी वाचता येत नसली तरी नाव ऐकून माहीत होतं. जागं करायचं इंजेक्शन. ते एकटं कधी द्यायचं नसतं. ते नाडी खाली ओढतं, म्हणून जोडीला नाडीचं द्यावंच लागतं, हे त्यांनी वीस वर्षांत शेकडो वेळा पाहिलं होतं. बुडत्या नाडीवर ते एकटं गेलं असतं तर...

टुक. बराच वेळ काही नाही. टुक. टुक. मग टुक-टुक, टुक-टुक-टुक, जणू कोणी मागे लागल्यासारखं.

“नव्वद,” डॉ. रोहिणी म्हणाल्या. “सर, करा सुरू.”

ऑपरेशन पुरं झालं. अंबूबाईला वॉर्डात नेल्यावर डॉ. सोनजेंनी हात धुता धुताच छायाला धरलं.

“ट्रेच्या वहीतली ही सही कोणाची?”

“माझी, सर.”

“बघून केली?”

छाया एकलहऱ्याहून दोन बस बदलून येणारी, अजून वर्षही झालं नव्हतं तिला. तिने एकदा धोंडाबाईंकडे पाहिलं आणि मान खाली घातली. नाव घेतलं नाही.

“कंपनीनं कडं बदललं,” धोंडाबाई मध्येच म्हणाल्या. “मेल्यांना एक रंग सांभाळता येत नाय. त्यांना धरा.”

“कंपनी इथे सही करत नाही, मावशी. छाया, तू उद्यापासून येऊ नकोस.”

धोंडाबाईंनी इकडे तिकडे पाहिलं. डॉ. रोहिणी दाराशी उभ्या होत्या. त्यांच्या चेहऱ्यावर ‘मी सांगितलं होतं’ असं काहीतरी असेल, या आशेने धोंडाबाईंनी निरखून पाहिलं. असतं तर भांडता आलं असतं. ते नव्हतं.

“सायब, ट्रे मी लावला.”

“लावलात हो. पण वाचून बघायचं काम सिस्टरचं.”

“मला वाचता येत नाय.”

नळ तसाच वाहत राहिला. मग डॉ. सोनजे चक्क हसले. “मावशी, पोरीला वाचवायला काहीही सांगू नका. वीस वर्षं ट्रे लावताय तुम्ही.”

“रंगावरनं लावते. कड्यावरनं.”

“उगाच काहीतरी! मागच्या महिन्यात तारीख उलटलेली औषधं तुम्हीच नाही का वेगळी काढलीत?”

“मनीषाला आणली व्हती संगं. माझ्या नातीला. म्हटलं, तुझं इंग्रजी बघू.”

“मावशी, पुरे.”

आता काय करायचं, ते धोंडाबाईंना कळेना. आयुष्यभर एक खोटं त्यांनी इतकं घट्ट विणलं होतं की आता स्वतःलाच त्याचा धागा सापडत नव्हता. खरं सांगूनही कोणी ऐकत नाही, याचा त्यांना असा राग आला की डोळ्यांत पाणी उभं राहिलं. ते पाणी पाहून डॉक्टरांना वाटलं, मावशींना पोरीची दया आली.

त्यांनी ट्रेजवळचं रिकामं खोकं उचललं आणि डॉक्टरांच्या ओल्या हातात कोंबलं.

“धरा. माझ्यापुढं धरा.”

डॉक्टरांनी धरलं.

“आता तुम्ही हे सुलटं धरलंय का उलटं, हे पन मला सांगता यायचं नाय,” धोंडाबाई म्हणाल्या. “बघा माझ्या तोंडाकडं अन् सांगा, खोटं बोलते का.”

डॉक्टरांनी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. मग खोकं खाली ठेवलं आणि नळ बंद केला.

“छाया, तू राहा,” ते म्हणाले. “मावशी, उद्यापासून तुम्ही वॉर्ड बघा. थिएटरमध्ये नको.”

“उद्यापासून कशाला? आत्ताच जाते.”

जिन्यात डॉ. रोहिणींनी त्यांना गाठलं. “मावशी, अक्षरं काही फार नाहीत. मी रोज दहा मिनिटं...”

“तुम्ही लोकांना झोपवा, बाई. मला जागं करू नका या वयात.” दोन पायऱ्या उतरून त्या थांबल्या. वळल्या नाहीत. “वाचत जा मात्र. कोणी कितीबी बोललं तरी.”

वॉर्डात कोपऱ्यातल्या खाटेवर अंबूबाई शुद्धीवर येत होती. गाल लाललाल झाले होते. डोळे उघडायच्या आधी तिने तोंड उघडलं.

“पानी द्या की गं कोणीतरी. पार वाळून गेलं तोंड. जीभ टाळूला चिकटली माझी. काय घातलं काय मेल्यांनी माझ्यात?”

“नाडीचं इंजेक्शन,” धोंडाबाई म्हणाल्या. “त्यानं कोरड पडती.”

“मरू दे त्ये इंजेक्शन. पानी आण आधी.”

“पानी नाय मिळायचं इतक्यात.”

“तू कोण गं मोठी डाक्टरीण?”

एरवी या प्रश्नाला धोंडाबाईंनी असं उत्तर दिलं असतं की खाटेवरची बाई आठवडाभर विसरली नसती. त्यांनी स्टूल ओढलं, बसल्या. वाटीत पाणी घेतलं, गॉजचा तुकडा भिजवला, पिळला आणि अंबूबाईच्या ओठांवर ठेवला. अंबूबाईने तो लहान मुलासारखा चोखला, शिवी दिली, पुन्हा तोंड उघडलं.

धोंडाबाईंनी गॉज परत पाण्यात बुडवला.