आधी मी, मग आपण

मोरिवाकी सोहेइनं चौदा वर्षं धन्याचं जेवण आधी स्वतः चाखलं. घास जिभेवर घ्यायचा, उदबत्ती जळून जाईस्तोवर थांबायचं, मगच ताट धन्यापुढे. धनी गेले ते तापानं. वारस नव्हता, संस्थान खालसा झालं. पण लोकांच्या तोंडाला कोण हात लावणार? "धनी गेला नि चाखणारा राहिला!" सोहेइ ऐकून घेई. धन्याच्या तिथीला तो निर्जळी राही, देवाचं नाव घेई आणि कमरेच्या दोन तलवारी सावरत पुढच्या गावाची वाट धरी.

असाच तो कोनुमा गावी आला; आल्यापासून कुणाशी शब्द बोलला नव्हता. डोंगरावर तांब्याची नवी खाण निघाली होती. तिथून खाली येणाऱ्या ओढ्याचं पाणी पिऊन गावातले दोन बैल मेले होते, ओताकी आजीची नात उलट्यांनी अंथरुणाला खिळली होती.

खाणीचा कारभारी इनागाकी यानं ओढ्याकाठी गाव गोळा केलं. "हा मोठ्या घरचा चाखणारा. हा म्हणेल ते खरं!" मग सोहेइच्या कानाशी लागून म्हणाला, "गोड आहे म्हण. उद्यापासून आमच्या धन्याच्या मुदपाकखान्यात चल. पुन्हा धनी, पुन्हा मान."

याच शब्दांसाठी सोहेइ तीन वर्षं वणवण हिंडत होता. त्यानं पेला भरला, घोट घेतला, जिभेवर घोळवला आणि थुंकला.

"तांबं आहे. पिऊ नका."

"अगं बाई, ह्याला बोलता येतं तर!" ओताकी आजी म्हणाली.

"उपाशी माणसाच्या जिभेला कसली आलीय चव?" इनागाकी हसला.

सोहेइनं पेला पुन्हा भरला. धन्यापुढे बसे तसा गुडघे टेकून बसला आणि दोन्ही हातांनी पेला वर धरला.

"रीत आहे, कारभारी. आधी मी, मग आपण. माझं झालं. आता आपण घ्यावं."

इनागाकीचे बाह्यांत खुपसलेले हात बाहेर येईनात.

"घ्या की हो!" आजी म्हणाली. "माझ्या सहा वर्षांच्या नातीनं घेतलं!"

"तलवारी काढून घेईन तुझ्या! कुठल्या धन्याच्या जोरावर बोलतोस?"

"तलवारी खुशाल न्या. पण आधी पेला रिकामा करा."

मागे आजीनं ओढ्यातून भरलेली आपली बादली रस्त्यावर ओतली. मग दुसरीनं, मग तिसरीनं. पाणी इनागाकीच्या पांढऱ्या मोज्यांपर्यंत आलं, तसा तो दचकून मागे सरला.

सोहेइ गुडघ्यांवरच तेवढा पुढे सरकला. पेल्यातला थेंबही सांडला नाही.