जिवंत माणसाचा दिवंगत फोटो

मित्रांनो, मला पाहून हात जोडू नका. मी एक जुना फोटो आहे हे खरं. मला काळी चौकट आहे आणि तिच्यावर काळी फीत बांधल्याच्या खुणाही आहेत. पण ज्याचा मी फोटो आहे तो माणूस चांगला जिवंत आहे. त्याचे गुडघे दुखतात, चहात तो साखर जरा जास्तच घालतो आणि कुणी बोलावलं तर आजही कामाला यायला तयार आहे.

त्याचं नाव लुक वाय-हांग. सगळे त्याला हांगदादा म्हणतात. हाँगकाँगच्या टीव्ही मालिकांमध्ये तो पाहुणा नट होता. पाहुणा म्हणजे एका भागापुरता. मुख्य मंडळींची प्रेमं आणि भांडणं वर्षभर चालायची. हा मधेच यायचा. कधी लुटला गेलेला सोनार, कधी खोकणारा काका, कधी नको त्या वेळी दार उघडणारा शेजारी. आणि भाग संपायच्या आत बहुतेक वेळा मरायचा. रस्त्यात लोक त्याला अडवून म्हणायचे, "अहो, तुम्हाला कुठेतरी पाहिलंय!" नाव मात्र एकालाही आठवायचं नाही.

माझा जन्म अशाच एका मालिकेसाठी झाला. गोष्ट सुरू होण्याआधीच बुडून मेलेल्या खलाशाचा फोटो हवा होता. हांगदादाला स्टुलावर बसवलं.

"हसू नका," फोटोग्राफर म्हणाला. "पण अगदी तोंड पाडूनही बसू नका. बायको आठवा."

"मला बायको नाही हो."

"मग शेवटची बोट चुकलीय असं समजा."

हांगदादाने तसं समजलं आणि मी तयार झालो.

आमच्या स्टुडिओत एक रीत होती. जिवंत माणसाच्या फोटोपुढे चित्रीकरणात उदबत्ती लावली, की त्या माणसाने त्याच दिवशी येऊन आपल्या फोटोसमोर खदाखदा हसायचं. मग त्याला शकुनाच्या पैशांचं लाल पाकीट मिळायचं. चित्रीकरणाच्या सामानाची, म्हणजे प्रॉपर्टीची, खोली सांभाळणारी फोंगताई त्याच्या अंगावर पपनसाच्या पानांचं पाणी शिंपडायची. "हस, दादा, मोठ्याने हस!" ती ओरडायची. "यमाला ऐकू जाऊ दे. अजून वेळ आहे म्हणावं, परत जा!"

हांगदादा असा हसायचा की शेजारच्या सेटवरचे लोक शिव्या घालायचे. मला फार बरं वाटायचं. माझ्याच तोंडासारखं तोंड, पण हलणारं!

मग माझं नशीब फळफळलं. माझा चेहरा म्हणे कुणाचाही बाप वाटतो. मी एका मालिकेत हुतात्मा पोलीस झालो, दुसरीत शाळामास्तर, तिसरीत तर दोन घरांत एकाच वेळी नवरा होतो. माझ्यापुढे मोठमोठ्या नट्या धाय मोकलून रडल्या. मला ना जेवणाचा डबा लागायचा, ना कपडे, ना गाडी. एक खिळा मिळाला की माझं भागायचं.

"हांगला कशाला बोलवायचं? त्याचा फोटो आहे ना," असं मी माझ्या कानांनी ऐकलं. आधी अभिमान वाटला, खोटं कशाला बोलू. पुढे त्याला बोलावणं येईनासं झालं तेव्हा मला त्या शब्दांचा अर्थ कळला. ती रीतही मोडली. नव्या लोकांना वाटायचं, फोटोतला माणूस खरंच गेलेला असणार.

तरी तो आपण होऊन यायचा. फोंगताईसाठी अंड्याचे टार्ट आणायचा, माझ्यासमोर उभा राहून एकटाच हसायचा, आणि मग हळूच विचारायचा, "बोलायचं काही काम आहे का गं कुठे? दोन-चार वाक्यांचं?"

"आलं तर सांगीन की."

"आईसाठी गं. टीव्हीवर हा फोटो दिसला की ती उठून स्वयंपाकघरात जाते. परवा मला म्हणाली, 'या आठवड्यात कशाने मेलास?' मी म्हटलं, छातीच्या दुखण्याने. तर म्हणते, 'पोटच्या पोरापुढे उदबत्ती लावलेली मी बघत बसू? एकदा जिवंत येऊन बोलून दाखव, मग बघेन तुझा टीव्ही.'"

फोंगताई हसली. हांगदादा हसला नाही.

तो गेला की दिवा बंद व्हायचा आणि मी बाकीच्या चौकटींना टेकून पडायचो. त्या सगळ्या रिकाम्या होत्या. बोलणार कुणाशी?

आणि एकदाचं बोलावणं आलं! नूडल्सचं दुकान चालवणाऱ्या एका विधवेची मालिका होती. तिचा मेलेला नवरा अर्थातच मी. घरमालक येतो, उदबत्ती लावतो आणि चार वाक्यं बोलतो, असा प्रसंग होता. माणसं ठरवणारी मुलगी नवी होती. तिने हांगदादाला बोलावलं. हा फोटो त्याचाच आहे हे तिच्या गावीही नव्हतं.

हांगदादा दाढी करून, कोट घालून आला. उदबत्ती हातात घेऊन माझ्यासमोर उभा राहिला आणि सेटवर हशा पिकला. भिंतीवर तेच नाक, खाली तेच नाक!

"अरे, नवराच परत आला की!" दिग्दर्शक मोसाहेबांनी कपाळावर हात मारला. "भिंतीवरचा फोटो काढून टाकता येणार नाही. लोकांनी इतके महिने बघितलाय. माणूस बदला."

माणूस बदला! माझ्या काचेला घाम फुटायचा तेवढा राहिला. हांगदादा उदबत्ती धरून तसाच उभा होता. आईला तो सांगून आला होता.

तेवढ्यात शिडीवरून फोंगताई कडाडली, "भाऊ भावासारखा दिसला तर काय आभाळ कोसळतं का? मोठा भाऊ करा की त्याला!"

मोसाहेबांनी घड्याळाकडे पाहिलं. "बरं, मोठा भाऊ. पण पाठ कॅमेऱ्याकडे ठेवा, दोन्ही चेहरे एकदम नकोत. तुमचा चेहरा नंतर घेऊ."

आणि हांगदादा बोलला. लिहून दिलेली वाक्यं त्याने म्हटली, पण तो थांबला नाही. "धाकट्या," तो म्हणाला, "तुझं बरं चाललंय. सगळे तुलाच बोलावतात. मी म्हातारा झालो, तू आहेस तसाच. मी रागावलो नाही रे. फक्त भेटायला आलो. जेवलास ना?"

मित्रांनो, त्याची हनुवटी थरथरत होती. डोळे भरून आले होते आणि तरी ओठांवर हसू होतं, धाकट्याला वाईट वाटू नये म्हणून. असं काम मी आयुष्यात पाहिलं नाही.

"कट! छान!" मोसाहेब म्हणाले. जेवणाची सुट्टी झाली. जेवणानंतर दुसऱ्या प्रसंगाची घाई झाली आणि चेहरा घ्यायचा राहूनच गेला.

तो भाग लागला त्या संध्याकाळी हांगदादा घरी थांबला नाही. आई काय म्हणेल या भीतीने प्रॉपर्टीच्या खोलीत येऊन फोंगताईच्या छोट्या टीव्हीसमोर बसला. पडद्यावर मी दिसलो, मोठा, स्पष्ट. खाली एक धूसर खांदा होता. आवाज त्याचा होता.

थोड्या वेळाने खोलीतला फोन वाजला. आईला त्याने इथलाच नंबर देऊन ठेवला होता. त्याची आई इतकी मोठ्याने बोलायची की मलाही सगळं ऐकू आलं.

"हांग! अरे, फोटो बोलला रे!"

"मी बोललो, आई."

"आवाज तुझाच होता. मी उठले नाही हो आज. भाजी करपली तरी उठले नाही. पण तू होतास कुठे? कुणाची तरी पाठ तेवढी दिसली."

"ती माझीच पाठ."

"अरे, मग वळायचं होतंस ना!"

"वळायला सांगितलं नव्हतं, आई."

"आईकडे बघायलासुद्धा सांगावं लागतं का रे?"

हांगदादाने रिसीव्हर ठेवला. त्यानंतर आईला दाखवावं असं काम त्याला मिळालं नाही.

त्या दिवशीचा त्याचा चेहरा मी एकट्यानेच पाहिला, आणि मला तो कुणालाच दाखवता येत नाही. माझ्यावर छापलेला चेहरा बोट चुकलेल्या माणसाचा आहे. म्हणून मित्रांनो, तुमच्याजवळ असा कुणी असेल, ज्याची पाठच तेवढी सगळ्यांच्या ओळखीची आहे, तर त्याचा फोटो भिंतीवर लागेपर्यंत थांबू नका. उठा, त्याच्या समोर जाऊन बसा, आणि तो बोलत असताना त्याच्या तोंडाकडे बघा.