कलाकृतीला तेल घालू नये

मी शिलाई मशीन बोलतेय, पायाने चालवायची. दचकू नका, ते काम माझ्याकडे आहे. कुणी मोठ्याने शिंकलं तरी माझी सुई थरथरते.

जन्म कारखान्यात झाला, पण वळण लावलं ते आईने. मालकीण खरं तर. तिची लेक आई म्हणायची, म्हणून मीही. लोकांचे कपडे शिवून तिने घर चालवलं. शिवताना ओठांत टाचण्या धरून ती स्वतःशीच पुटपुटायची. तोंडावर मायेचं बोलायची तिला सवय नव्हती. जे काय असेल ते मला ऐकायला मिळायचं.

पुढे आईचे गुडघे कुरकुरू लागले. माझ्यावर चादर पडली, चादरीवर इस्त्रीचे कपडे. माणसं बंद पडलेल्या कुठल्याही वस्तूला टेबल समजतात. यथावकाश माझं चाकही कुरकुरू लागलं.

लेक तोवर कलाकार झाली होती. चित्र, आवाज, नाच, कापड, सगळं एकात एक घालायची. मुलगी काय करते असं कुणी विचारलं की आई म्हणायची, "तिचं काहीतरी चालू असतं." लेकीला ते फार लागायचं. आईने एकदा तरी येऊन बघावं, एवढंच तिला हवं होतं.

एक दिवस तिने मला तिच्या स्टुडिओत नेलं आणि अंगभर छोटे माइक चिकटवले. माझी कुरकुर भिंतीएवढी होऊन ऐकू यायची, मीच घाबरायचे. त्या कुरकुरीत लेक कागदाचा झगा शिवायची, मग तीच कुरकुर पुन्हा लावून झगा घालून नाचायची. माझ्या गंजाचं इतकं कौतुक आजवर कुणी केलं नव्हतं.

प्रयोगाच्या दिवशी आई खरंच आली, तीही लवकर. लेक आत तयार होत होती. आईने माझ्या गंजावरून बोट फिरवलं, हळहळली आणि पिशवीतून तेलाची कुपी काढली. भोकाभोकात थेंब सोडले, चाक फिरवलं, पुसलं. लेकीची कित्येक महिन्यांची कला थोड्याशा तेलाने बरी झाली.

लेकीने येऊन पायडल मारलं. काही नाही, नुसती सळसळ. दारात प्रेक्षक जमलेले.

"आई, तेल घातलंस?"

"घातलं की. एवढी शिकलीस आणि मशीन अशी ठेवतेस? लोक काय म्हणतील?"

लेकीने डोळे मिटले. आता ही ओरडणार म्हणून मी आधीच थरथरून घेतलं. पण तिने स्टूल पुढे सरकवलं. "मग आता तूच बस. शिवून दे मला झगा."

आई बसली. ओठांत टाचण्या, हातात कागद. माइक चालू आहेत हे गडबडीत दोघींच्याही लक्षात आलं नाही. आणि ते पुटपुटणं भिंतीएवढं होऊन सगळ्यांनी ऐकलं.

"खांदे किती उतरलेत हिचे. कागद घालून गारठेल पोर. जेवली तरी असेल का... एवढी माणसं येतात हिचं काम बघायला. आणि मी आपली सांगत बसले, काहीतरी चालू असतं."

झगा अंगावर चढला, पण लेक जागची हललीच नाही. तोच नाच समजून लोक बघत राहिले.

आता मी स्टुडिओतच असते. माझ्यावर कागद चिकटवलाय, 'कलाकृतीला तेल घालू नये'. आई अधूनमधून येते, तेल घालते आणि ओघळ त्याच कागदाने पुसते. लेक मग नवा कागद लावते.

माझी एकच विनंती आहे, आईची कुपी कधी रिकामी होऊ देऊ नका. माझं काय, गंजतही दिवस काढीन. पण तेल घालताना ती पुटपुटते आणि लेक दाराआड उभी राहून ऐकते.

माइक आता बंद असतात.